दरी उलटी का दिसते: प्रकल्प नोंदी

५ ऑक्टोबर

कामाची व्याख्या आज ठरली. भूरूपांची अशी चित्रं गोळा करायची ज्यांत दरी डोंगररांगेसारखी दिसते किंवा खड्डा टेकाडासारखा. प्रत्येकामागचं कारण तपासायचं आणि पाहणाऱ्याला चित्र फिरवता येईल, उजेडाची दिशा बदलता येईल अशी एक छोटी चित्रमालिका बनवायची. कोड मित्राकडे, चित्रं आणि मजकूर माझ्याकडे.

पहिलं चित्र निवडायला वेळ लागलाच नाही. अमेरिकेतल्या ग्रँड कॅन्यनचं सेंटिनेल-२ उपग्रहाने टिपलेलं हिवाळ्यातलं दृश्य, उत्तर वर. दगडात खोल कोरलेली ही दरी पडद्यावर चक्क उंच कण्यासारखी उभी राहते आणि कोलोरॅडो नदी त्या कण्याच्या माथ्यावरून वाहताना दिसते. नदी डोंगराच्या धारेवरून वाहत नाही हे शाळेतल्या पोरालाही ठाऊक असतं, तरी डोळा ऐकत नाही. आपल्याला नेमकं हेच दाखवायचं आहे: माहिती असूनही न हटणारा भ्रम.

चित्र अर्ध्या फेरीने फिरवलं, म्हणजे दक्षिण वर आणली, की दरी खाली बसते. पिक्सेल तेच असतात.

७ ऑक्टोबर

कारणाचा पहिला थर सोपा आहे. नकाशात उत्तर वर असते. उत्तर गोलार्धात मध्यम अक्षांशांवर सूर्य दिवसभरातला बहुतेक वेळ आकाशाच्या दक्षिण भागात असतो. म्हणजे चित्राच्या हिशेबाने उजेड खालून येतो. आपला मेंदू मात्र उजेड वरूनच येणार असं धरून चालतो. दरीच्या उत्तरेकडच्या भिंतीचं तोंड दक्षिणेला, म्हणून ती उजळते. दक्षिणेकडची भिंत अंधारात राहते. वरची बाजू उजळ, खालची काळी, आणि उजेड वरून आलेला मानला तर असा आकार उंचवट्याचाच असू शकतो. मेंदूचा तर्क बरोबर आहे, गृहीतक चुकलेलं आहे.

उपग्रहांची वेळ यात भर घालते. सेंटिनेल-२ विषुववृत्त ओलांडतो तेव्हा तिथे स्थानिक सकाळचे साधारण साडेदहा असतात. लँडसॅट ८ आणि ९ ची वेळ दहाच्या थोडी पुढची. दोघंही सूर्याशी जुळवलेल्या कक्षेत फिरतात, त्यामुळे वेळ फारशी सरकत नाही. उत्तर गोलार्धात या वेळी सूर्य आग्नेयेला, म्हणजे चित्राच्या उजव्या खालच्या कोपऱ्यात. उलटं दिसण्यासाठी याहून सोयीची जागा नाही.

आल्प्ससाठी, ४६° उत्तर अक्षांश धरून, साडेदहाचा सूर्य हाताने काढून पाहिला. डिसेंबर अखेरीस क्षितिजापासून उंची जेमतेम १८°, दिगंश (उत्तरेपासून घड्याळाच्या दिशेने मोजलेला कोन) सुमारे १५८°. जूनमध्ये उंची ६१° च्या आसपास, दिगंश १३३°. दोन्ही वेळा सूर्य खालच्या अर्ध्यातच, पण डिसेंबरच्या लांब सावल्यांमुळे भ्रम घट्ट बसतो, जूनमध्ये तो विरळ होतो. म्हणून मालिकेसाठी हिवाळी चित्रंच घ्यायची. हिवाळ्यात आणखी एक गंमत फुकट मिळते: बर्फाळ डोंगरधारा गोठलेल्या नद्यांसारख्या दिसायला लागतात.

८ ऑक्टोबर

कालच्या हिशेबाची उलट बाजू तपासली. न्यूझीलंडचे दक्षिण आल्प्स, तोच उपग्रह, तीच वेळ, उत्तर वर. तिथे सूर्य ईशान्येला, म्हणजे चित्राच्या वरच्या अर्ध्यात. दऱ्या सुरळीत दऱ्यांसारख्या दिसतात, काहीही करावं लागत नाही.

उष्ण कटिबंध सगळ्यात गमतीचा. १३° उत्तरेला मे महिन्याच्या अखेरीस साडेदहाचा सूर्य डोक्यावरच्या बिंदूपासून थोडा उत्तरेकडे सरकलेला असतो, तर डिसेंबरमध्ये तो आग्नेयेला. म्हणजे तीच दरी एका ऋतूत सरळ आणि दुसऱ्यात उलटी दिसायला हवी. प्रत्यक्षात मे महिन्यातल्या चित्रात सूर्य ६७° च्या आसपास चढलेला असतो, सावल्या आखूड आणि चित्र सपाट. डोळ्याला ओढून नेण्याइतकी ताकद त्यात उरत नाही. कागदावर छान वाटणारी जोडी पडद्यावर फिकी पडली. मालिकेत ठेवायची नाही.

११ ऑक्टोबर

आजचा दिवस या प्रकल्पातला सर्वांत समाधानाचा. प्रश्न असा होता: मेंदूला बाजूला ठेवलं, तर निदान गणिताला तरी चित्रावरून खड्डा आणि उंचवटा वेगळे ओळखता येतात का?

उंचीचा डेटा एसआरटीएम या रडार मोहिमेचा घेतला. फेब्रुवारी २००० मध्ये एन्डेव्हर यानाने अकरा दिवसांच्या मोहिमेत रडारने ६०° उत्तर ते ५६° दक्षिण या पट्ट्यातल्या जमिनीची उंची मोजली, त्यातलाच हा एक तुकडा. जीडीएएल या नकाशा-डेटाच्या सॉफ्टवेअरने हिलशेड केलं, म्हणजे उंचीच्या आकड्यांवरून ऊन-सावलीचं चित्र काढलं: प्रकाश वायव्येकडून म्हणजे ३१५°, उन्नतांश (क्षितिजापासूनची उंची) ४५°. मग रास्टर कॅल्क्युलेटरमध्ये सगळ्या उंचीला उणे एकने गुणलं. डोंगर होते तिथे खड्डे, दऱ्या होत्या तिथे धारा. या उलट्या जमिनीचं हिलशेड आग्नेयेकडून, १३५° वरून प्रकाश टाकून केलं. दोन चित्रांची वजाबाकी केली.

सगळीकडे शून्य.

थोडीही गडबड नाही, कारण सूत्रच तसं आहे. साध्या हिलशेडमध्ये एखाद्या जागेचा उजळपणा तिथला उतार प्रकाशाकडे किती तोंड करून आहे यावर ठरतो. जमीन उलटी केली की प्रत्येक उताराचं तोंड नेमकं विरुद्ध बाजूला वळतं. प्रकाशही विरुद्ध बाजूला नेला की दोन्ही उणे चिन्हं एकमेकांना खाऊन टाकतात. उरलेला आकडा तोच.

म्हणजे ‘भ्रम’ हा शब्दच इथे जरा अन्यायाचा आहे. छायांकित चित्रात खोली आहे की उंची, ही माहिती नसतेच. चित्र दोन जगांचं एकाच वेळी खरं चित्र असतं, आणि कुठलं जग हे फक्त प्रकाशाची दिशा सांगते. ती दिशा कोणी सांगितली नाही की मेंदू स्वतःची घालतो. त्याच्याकडे तेवढंच असतं, त्याला दोष कशाला द्यायचा?

संगणक-दृष्टीच्या क्षेत्रात याहून व्यापक संदिग्धता ठाऊक आहे. नुसतं उलटं करणं नव्हे, तर उठाव चपटा करणं, एका बाजूला कलता करणं, हे सगळं प्रकाश आणि पृष्ठभागाचा मूळ रंग यांत योग्य बदल करून लपवता येतं. १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात बेलह्यूमर, क्रिगमन आणि युइल यांनी ते नीट मांडलं. भिंतीवरच्या चपट्या उठावशिल्पातले चेहरे समोरून पाहताना भरीव वाटतात ते यामुळेच. मालिकेत हे सगळं कोंबायचं नाही, पण शून्याचं चित्र मात्र पहिल्या पानावर हवं.

१४ ऑक्टोबर

आता मेंदूकडे. १७८६ मध्ये अमेरिकन खगोलज्ञ डेव्हिड रिटनहाउस याने हे कोडं नीट सोडवून छापलं होतं. प्रतिमा उलटी करणाऱ्या दुर्बिणीतून पाहिलं की खाचा उंचवटे होतात, कारण प्रतिमेसोबत उजेडाची बाजूही उलटते पण पाहणाऱ्याच्या मनातली उजेडाची बाजू जागची हलत नाही, हे त्याला कळलं होतं. त्या काळी ना उपग्रह होते, ना विमानातून काढलेले फोटो.

‘उजेड वरून’ हे गृहीतक जन्मजात की शिकलेलं? १९७० मध्ये हर्शबर्गर याने कोंबडीची पिल्लं खालून उजेड येणाऱ्या पिंजऱ्यांत वाढवली. तरीही पिल्लं छायाचित्रांतले खड्डे आणि उंचवटे वरचा उजेड धरूनच ओळखत राहिली. उलट २००४ मध्ये अ‍ॅडम्स, ग्राफ आणि अर्न्स्ट यांनी दाखवलं की माणसाला पाहण्यासोबत स्पर्शाने वेगळा अनुभव दिला तर हे गृहीतक काही अंशांनी सरकवता येतं. माझ्यापुरता निष्कर्ष: पाया जन्मजात, डागडुजी अनुभवाची.

अगदी ‘वरून’ असंही नाही. १९९८ मध्ये सन आणि पेरोना यांनी मोजलं तेव्हा बहुतेकांची पसंती वरून जराशी डावीकडे झुकलेली निघाली. याचा संबंध पुढे नकाशांशी येणार आहे.

आणि हे ‘वर’ म्हणजे आकाश नव्हे, आपल्या डोक्याचा वरचा भाग. रामचंद्रन यांनी १९८८ च्या लेखात हे स्पष्ट केलं. खात्री करायची तर पडद्याकडे पाठ करून वाकावं आणि दोन पायांच्या मधून ग्रँड कॅन्यन पाहावं. दरी खाली बसते. मित्राने हे करून पाहिलं आणि मालिकेत सूचना म्हणून लिहू नकोस असं बजावलं, लोक पडतील. फोन उलटा धरा असं लिहायचं ठरलं. पण फोन उलटा केला की पडदाही आपोआप फिरतो, त्यामुळे आधी पडद्याचं ते फिरणं बंद करायला सांगावं लागेल. शेवटी फिरवण्याचं बटणच द्यायचं.

१५ ऑक्टोबर

बटण झालं. शून्य ते ३६० पर्यंत सरकपट्टी. चित्र हळूहळू फिरवताना दरी नेमकी कोणत्या कोनाला पलटते ते प्रत्येकाला वेगळं जाणवतं, आणि एकदा पलटल्यावर उलट दिशेने परत आणताना ती उशिरा पलटते. आधी पाहिलेलं रूप डोळा सोडत नाही.

१८ ऑक्टोबर

नकाशे काढणाऱ्यांनी हा प्रश्न केव्हाच व्यवहारात सोडवला होता. उत्तर वर ठेवायची आणि प्रकाश वायव्येकडून टाकायचा. गियोम-आंरी द्यूफूर यांच्या देखरेखीखाली १८४५ ते १८६५ या काळात निघालेल्या स्वित्झर्लंडच्या १:१,००,००० नकाशांत डोंगर बारीक रेघांनी दाखवले आहेत, आणि त्या रेघांची जाडी वायव्येचा प्रकाश धरून ठरवलेली आहे. आज जीडीएएलमध्ये काहीच न सांगता हिलशेड काढलं तर ३१५° आणि ४५° हेच आकडे येतात, ते याच परंपरेतले.

यातली विसंगती मला फार आवडते. स्वित्झर्लंडमध्ये चांगला वर चढलेला सूर्य वायव्येला कधीच नसतो. उन्हाळ्यातल्या संध्याकाळी मावळता मावळता तेवढा तिकडे जातो. दीड शतकाहून जास्त काळ जगभरचे डोंगर एका अशा सूर्याने उजळले आहेत जो तिथे उगवतच नाही. टीका करणारे म्हणत आले की दक्षिण उतारांवर प्रत्यक्षात ऊन असतं, तिथे झाडं आणि वस्ती वेगळी असते, आणि नकाशा मात्र तेच उतार काळे करतो. टीका खरी आहे. पण पर्याय काय? खरा सूर्य दाखवला तर अख्खा देश उलटा दिसतो.

कोन थोडा हलवावा का, यावर बिलांड आणि चोल्तेकिन यांनी प्रयोग केला. वायव्येपेक्षा उत्तर-वायव्य, म्हणजे ३३७.५° च्या जवळचा प्रकाश उलट दिसणं टाळायला अधिक चांगला ठरला. आपल्या मालिकेतल्या हिलशेडना तोच कोन देऊन पाहिला. खड्ड्यांच्या बाबतीत फरक लगेच जाणवतो. मात्र उत्तर-वायव्येकडून दक्षिण-आग्नेयेकडे जाणाऱ्या धारा पुसट होतात, कारण प्रकाश त्यांच्या अंगावरून लांबीच्या दिशेने घसरतो. कोणत्याही एका दिशेच्या प्रकाशाला ही किंमत मोजावीच लागते. २२५, २७०, ३१५ आणि ३६० या चार दिशांचा मिलाफ करणारा पर्याय जीडीएएलमध्ये आहे. त्याने धारा परत येतात पण चित्र मऊ पडतं. मला ते मऊपण खटकतं, मित्राला आवडतं.

२१ ऑक्टोबर

उपग्रहाचं मूळ चित्र ‘दुरुस्त’ करण्याच्या पद्धती एकामागोमाग एक लावून पाहिल्या.

अर्ध्या फेरीने फिरवणं: भ्रम जातो, पण दक्षिण वर आल्यावर ओळखीचा प्रदेश अनोळखी होतो. नावं लिहायची तर कोणत्या बाजूने?

नकारात्मक प्रत: काळं पांढरं आणि पांढरं काळं. दरी बसते, पण बर्फ कोळशासारखा आणि काळेशार तलाव दुधासारखे. राखाडी चित्रात एक वेळ चालेल, रंगीत चित्रात जंगल जांभळं होतं. कुणालाही दाखवण्यालायक नाही.

हिलशेड वर चढवणं: हे सगळीकडे वापरलं जातं. वायव्य प्रकाशाचं हिलशेड उपग्रहाच्या चित्रात गुणाकाराने मिसळायचं. पण चित्रात आधीच आग्नेय सूर्याच्या सावल्या भाजलेल्या असतात. जिथे ऊन तिथे हिलशेड काळं करतं, जिथे सावली तिथे उजळ. दोन्ही भांडून मध्ये राखाडी सपाटी उरते. हिलशेडचा जोर वाढवला तर भ्रम जातो, पण मग चित्र उपग्रहाचं राहत नाही, हिलशेडला रंग लावल्यासारखं होतं. आधी सूर्याचा परिणाम उताराच्या हिशेबाने काढून टाकायचा आणि मग नवीन प्रकाश द्यायचा, हा रीतसर मार्ग. डोंगराळ भागासाठी तो चालतो, मात्र काळ्याकुट्ट सावलीत मुळात माहितीच नसते, तिथे फक्त गोंगाट वर येतो.

समोच्च रेषा, नद्यांची निळी रेघ, शिखरांची नावं: मदत होते, भरवशाची नाही. निळी रेघ काढल्यावरही नदी धारेवरून वाहत राहते, आता फक्त जास्त निळी दिसते.

तिरकं दृश्य: अवकाश स्थानकावरून अंतराळवीर कॅमेरा तिरका धरून काढतात तशा फोटोंत क्षितिजाकडची बाजू लहान होते, पुढची धार मागच्या दरीला झाकते, आणि डोळ्याला दुसरा पुरावा मिळतो. भ्रम बराच ढिला पडतो. पण हा उपाय फोटो काढण्याआधीचा आहे.

२५ ऑक्टोबर

चंद्र. इथे प्रश्नाचं रूप बदलतं. चंद्राचा अक्ष जवळपास ताठ आहे, कल जेमतेम दीड अंशाचा. त्यामुळे ध्रुवांचा भाग सोडला तर लांब सावल्या पाडणारा सूर्य पूर्वेला किंवा पश्चिमेला असतो. उत्तर वर ठेवलेल्या चित्रात उजेड थेट बाजूने येतो, वरूनही नाही आणि खालूनही नाही. मेंदूला कौल द्यायला आधारच मिळत नाही, मग विवरं कधी बुडबुडे होतात, कधी खळगे. त्यांच्याकडे टक लावून पाहिलं तर शेजारची दोन विवरं एकदमच पलटतात, कारण अख्ख्या चित्राला उजेड एकच असतो हेही मेंदू गृहीत धरतो.

चंद्राभोवती फिरणाऱ्या लुनार रिकॉनिसन्स ऑर्बिटर यानाने जवळून काढलेल्या चित्रांत हे सगळ्यात तीव्र आहे. तिथे झाड नाही, नदी नाही, घर नाही, आकाराचा अंदाज देणारं काहीच नाही.

मंगळावर हायराइज कॅमेऱ्याची चित्रं त्या मानाने नशीबवान. हा कॅमेरा ज्यावर आहे ते मार्स रिकॉनिसन्स ऑर्बिटर यान एखाद्या जागेवरून जातं तेव्हा तिथे स्थानिक दुपारचे तीनच्या सुमारास वाजलेले असतात, त्यामुळे उत्तर वर असलेल्या चित्रात ऊन साधारण डावीकडून. आपल्या डाव्या झुकावाला ते थोडं मानवतं. तरी वाळूच्या लाटा आणि त्यांमधल्या खाचा यांची अदलाबदल होतेच.

मॅजेलन यानाने घेतलेली शुक्राची चित्रं बाजूला ठेवली. ती फोटोसारखी दिसतात, पण १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला रडारने घेतलेली आहेत. तिथे उजळ म्हणजे उन्हात असलेलं नव्हे. खडबडीत पृष्ठभाग उजळ दिसतो, गुळगुळीत काळा. सावलीचा नियम लावून ती वाचली तर भलतंच वाचलं जातं. हा वेगळा विषय आहे, एका पानात उरकला तर गोंधळच वाढेल.

२६ ऑक्टोबर

‘मंगळावरचा चेहरा’ घ्यायचा का, यावर वाद. २५ जुलै १९७६ रोजी व्हायकिंग १ च्या ऑर्बिटरने सायडोनिया भागात टिपलेला तो सपाट माथ्याचा डोंगर. सूर्य खाली होता, अर्धा भाग सावलीत, आणि प्रक्षेपणात गहाळ झालेल्या बिंदूंपैकी एक नेमका नाकपुडीच्या जागी. व्हायकिंगच्या सर्वांत चांगल्या चित्रात एक पिक्सेल ४३ मीटरचा होता. २००१ मध्ये मार्स ग्लोबल सर्व्हेयरने घेतलेल्या चित्रात तो १.५६ मीटरचा झाला आणि चेहरा विरघळला.

मित्र म्हणाला, “अरे, हे नसेल तर लोक विचारतील.” माझा आक्षेप असा की तिथे खोली-उंचीची अदलाबदल नाही. डोंगर डोंगरच दिसतो, फक्त सावल्यांत चेहरा सापडतो. त्यापेक्षा कॅनडाच्या अल्बर्टा प्रांतात मेडिसिन हॅटजवळची भूरचना घ्यावी, जी ‘बॅडलँड्स गार्डियन’ नावाने ओळखली जाते. २००६ मध्ये गूगल अर्थ चाळताना कुणाच्या तरी नजरेस पडली. पिसांचं शिरोभूषण घातलेल्या माणसाचा बाजूने दिसणारा भरीव चेहरा, आणि कानात जणू इअरफोन. प्रत्यक्षात तो रस्ता आणि तेल-वायूच्या विहिरीची जागा आहे. खरी मजा पुढे आहे: तो चेहरा भरीव नाहीच. मऊ मातीत पाण्याने झिजून झालेली ती खोलगट जागा आहे. चेहरा दिसणं आणि दरी उलटी दिसणं, दोन्ही एकाच ठिकाणी. मुखवट्याची आतली बाजू फुगीर दिसते तोच प्रकार, आणि चेहरा म्हटलं की मेंदू तो बाहेर आलेलाच मानतो, त्यामुळे फिरवूनही तो सहज आत जात नाही.

गार्डियन ठेवला. मंगळाचा चेहरा वगळला.

३० ऑक्टोबर

११ तारखेच्या शून्यावर मित्राचा प्रश्न: मग चित्रावरून कधीच ठरवता येत नाही का? येतं, एका गोष्टीने. साध्या हिलशेडमध्ये फक्त उताराचा अंधार असतो, एका वस्तूची दुसऱ्यावर पडलेली सावली नसते. खऱ्या फोटोत ती असते आणि ती दोन्ही जगांत सारखी पडत नाही.

ब्लेंडर या त्रिमितीय चित्रांच्या सॉफ्टवेअरमध्ये एक गोल टेकडी आणि तिचाच उलटा खड्डा तयार केला. टेकडीवर डावीकडून कमी उंचीचा प्रकाश, खड्ड्यावर उजवीकडून. उताराचा अंधार दोन्हींत उजव्या बाजूला. पण टेकडीची पडछाया पायथ्याबाहेर, उजवीकडे पसरते. खड्ड्याची पडछाया कडेवरून आत, तळाकडे, म्हणजे डावीकडे जाते. वजाबाकी केली तर आता शून्य येत नाही.

पडछायेची कड पाहायला शिकलेल्या माणसाला चंद्रावरचं चित्र वाचता येतं. सावली आकाराच्या बाहेर सांडली असेल तर उंचवटा, आत साचली असेल तर खड्डा. अ‍ॅरिझोनातल्या मेटिऑर क्रेटरवर, जिथे सुमारे १.२ किलोमीटर व्यासाच्या १७० मीटर खोल खड्ड्याला वर आलेली कड आहे, दोन्ही गोष्टी एकत्र दिसतात: आत साचलेली मोठी सावली आणि कडेच्या बाहेरच्या उतारावरची आखूड. मालिकेतलं हे सर्वांत उपयोगी चित्र ठरेल.

सूर्य फार वर असेल तर पडछाया नाही, आणि फार खाली असेल तर सगळंच काळं.

३ नोव्हेंबर

प्रदर्शनाची रचना पक्की केली. मूळ चित्रांना हात लावायचा नाही, ना फिरवून ठेवायची, ना त्यांवर हिलशेड चढवायचं. त्याऐवजी प्रत्येक चित्राच्या कोपऱ्यात सूर्याचा बाण: चित्रासोबत येणाऱ्या माहितीतल्या (मेटाडेटा) दिगंशावरून दिशा आणि उन्नतांशावरून लांबी, सूर्य खाली तर बाण लांब. मित्राचा आग्रह होता की भ्रम आपोआप ‘सुधारणारं’ बटण द्यावं. दिलं नाही. बाणावर बोट ठेवल्यावर चित्र फिरून उजेड वर येतो, एवढं पुरे.

बाण पाहिल्याबरोबर दरी पलटते असं नाही, हेही खाली लिहून टाकलं. बाण डोक्याला पटतो, डोळ्याला वेळ लागतो, आणि काहींच्या डोळ्याला तो शेवटपर्यंत पटत नाही.

राहिलेली कामं: ग्रँड कॅन्यनच्या दृश्यातले ढग कापणं, न्यूझीलंडच्या चित्राला बाण लावणं, शून्याच्या चित्राखालचा मजकूर दोन ओळींत बसवणं. सरकपट्टी जुन्या फोनवर अडखळते, ती मित्राकडे.